मिस निर्झरा आणि एकोणीसचा पाढा

अंबरनाथ, १२ नोव्हेंबर १९५४

मालिनी,

आधी 'प्रिय' लिहिलं होतं, ते खोडलं. खोडलेलं दिसत असेल तर दिसू दे.

सोबत फिल्मचा तुकडा आहे. चार चौकटी. उजेडाकडे धर आणि ही कोण ते तूच मला सांग. कपाळ तुझं, भुवया तुझ्या, खालचा ओठ जरासा पुढे काढायची सवय तुझी. अंगावर फुलांचे दागिने, आणि समोर तो मिशीवाला. त्याच्याकडे पाहते आहेस तरी कशी! काहीतरी हातातून सुटून चाललंय, ते आत्ता धरलं नाही तर गेलंच, अशी. दोन वर्षांत माझ्याकडे एकदा तरी अशी पाहिलीस का?

म्हणजे पुण्याला मामांकडे राहून मास्तरीण व्हायचं शिक्षण चाललंय ते हे!

तुकडा कुठे मिळाला म्हणशील. मी हल्ली उल्हासनगरला, निर्वासितांच्या कॅम्पात टहलराम शेठच्या शेडमध्ये काम करतो. तिथे जुन्या फिल्मांचे डबे येतात. आम्ही त्या गरम सोड्याच्या पाण्यात भिजवून धुतो. चित्र सुटून त्याचा गाळ होतो, गाळातून चांदी निघते, आणि कोरी पट्टी बांगड्या करणाऱ्यांकडे जाते. रोज राजे धुतो, राक्षस धुतो, पऱ्या धुतो. आज तू आलीस.

आणि याच तुला तुझ्या आईने गणपतीच्या नाटकात उभं राहू दिलं नव्हतं! तालमीतून हाताला धरून नेलं. मी प्रॉम्प्टर, पडद्यामागून बाहेर येऊन त्यांना म्हणालो होतो, "काकू, तुम्हाला कलेतलं काय कळतं?" पुढे घरी मागणी घालायला आलो तेव्हा म्हणाल्या, "आधी बी.ए. हो, मग बोलू." मी त्यांच्यासमोरच परीक्षेचं हॉलतिकीट फाडलं. तू दारात उभी होतीस. एक अक्षर बोलली नाहीस. माझं कॉलेज त्या दिवशी संपलं.

वहिनी सांगते, पुण्याच्या सबनिसांच्या शरदचंद्राशी तुझं जवळजवळ ठरलंय. इंजिनिअर आहे म्हणे. त्याला ठाऊक आहे का हे? दुसरा तुकडा पाकिटात घालून ठेवला आहे, वर पत्ताही लिहिला आहे. टाकायचा की नाही ते मी ठरवीन.

श्रीपाद


अंबरनाथ, १७ नोव्हेंबर १९५४

मालिनी,

मागचं पत्र आलं असेल तर फाडून टाक. मी गाढव आहे.

शेडमध्ये आमच्या वर हरिचंद्रदादा आहेत. वांगणीचे. जत्रेतल्या तंबूत वीस वर्षं सिनेमाचं हँडल फिरवलेला माणूस. काल दुपारी मी सोड्याच्या पिंपाजवळ बसून त्या फिल्मकडे पाहत होतो. ते मागे येऊन उभे राहिले.

"काय रं शिरपाद, धुतोस का लगीन लावतोस?"

मी म्हटलं, "दादा, ही मुलगी माझ्या ओळखीची आहे."

त्यांनी पट्टी हातात घेतली, कडेवरून अंगठा फिरवला आणि जे हसायला लागले ते खोकला येईपर्यंत. "आरं येड्या, हिच्या बाजूला आवाजाची रेघ कुठं हाय? बोलत्या फिल्मला बाजूनं रेघ असते. ही मुकी हाय, मुकी! तुझा बापूस लग्नाचा व्हायचा व्हता तवाची. तुझ्या वळखीची म्हणतोस ती आता म्हातारी झाली आसंल."

पाच महिने फिल्म धुतोय मी. ती रेघ रोज डोळ्यांपुढून जाते. पण तुझं तोंड दिसलं आणि रेघ-बिघ काही दिसेना.

शेठ लांबून ओरडले, "अरे चरिया, धोने को रखा है कि देखने को?" चरिया म्हणजे सिंधीत वेडा. ते मला रोजच म्हणतात. काल पहिल्यांदा पटलं.

तर ती तू नाहीस. तू पाच वर्षांनी जन्माला यायची होतीस. मला माफ कर. आणि सबनिसांच्या पाकिटाची काळजी करू नकोस, ते मी त्याच दिवशी वहिनीच्या चुलीत टाकलं.

आता प्रश्न असा की मग ती कोण? तुझ्यासारखा चेहरा आणखी कुणाचा असू शकतो? मला एकच सुचतंय आणि ते मी लिहिणार नाही. डबा मी धुवायच्या रांगेतून काढून मागे ठेवला आहे. सगळा मिळून नऊशे फूट असेल. रविवारी बदलापूरला तुमच्या घरी जाऊन येतो.

घरी माझा थोरला भाऊ काडेपेटीच्या कारखान्यातून येतो आणि घरात शिरताना माझ्यासमोर कोट झटकतो. म्हणतो, "तू फिल्मवाला, मी आगवाला, दोघांना एका घरात ठेवू नये." पूर्वी मला याचा राग यायचा.

श्रीपाद


अंबरनाथ, २२ नोव्हेंबर १९५४

मालिनी,

तुझं कार्ड आलं. दोन ओळी. 'ती मी नाही. कोण ते कळलं तर मलाही कळव.' म्हणजे तुलाही माहीत नाही.

मग ऐक. आणि बसून वाच.

काल अकराच्या सुमाराला तुमच्या घरी गेलो. आई ओसरीवर वाल सोलत बसल्या होत्या. मला पाहून उठल्या नाहीत.

"ये. हॉलतिकीट चिकटवून आणलंस की काय?"

मी तुकडा पुढे केला. हातभर लांब. म्हटलं, "काकू, ही कोण?"

त्यांनी नुसतं पाहिलं. "माझी एक मावसबहीण होती, तिच्यासारखी वाटते. गेली ती. तुला कुठे सापडली?" आवाजात काहीसुद्धा फरक नाही. मी फसलोच होतो. पण बोलता बोलता त्यांनी पदराला हात पुसले, पट्टी दोन बोटांत अशी कडेने धरली की चित्राला बोट लागू नये, आणि तिचं टोक ओठाला लावलं. क्षणभरच. मग पट्टी उलटी करून उजेडाकडे धरली.

मालिनी, हे कुणी करत नाही. हरिचंद्रदादांनी मला पहिल्याच दिवशी शिकवलं होतं: ओठाला जी बाजू चिकटते ती चित्राची, जी गुळगुळीत लागते ती पाठ. फिल्म जोडणारी माणसंच असं करतात. बदलापुरात वाल सोलणाऱ्या बाया करत नाहीत.

मी त्यांच्याकडे पाहत राहिलो. त्यांनाही कळलं आपण काय केलं ते. पट्टी खाली ठेवली.

"हात विसरत नाहीत मेले," म्हणाल्या.

मग सांगितलं. मी विचारलं म्हणून नाही. मला वाटतं, कुणीही विचारलं असतं तरी सांगितलं असतं. पंचवीस वर्षं कुणी विचारलंच नव्हतं.

त्या सतरा वर्षांच्या. वडील गेलेले, मामांच्या घरी दादरला राहत. जवळच एक फिल्म कंपनी होती, तिथे पाच बायका फिल्म जोडायला बसत, त्यांत या. एक दिवस नटीला हिवताप भरला. डायरेक्टरांनी दारातून डोकं घालून सगळ्यांकडे पाहिलं आणि म्हणाले, "ए जोडणारी, तू, खिडकीजवळची. बाहेर ये." नाव ठेवलं मिस निर्झरा. चौदा महिन्यांत तीन चित्रं. पहिल्यात राणीची दासी. दुसऱ्यात विहिरीत उडी. तिसऱ्यात नायिका. ते पुरं झालंच नाही. मामांना कुणीतरी जाहिरातीचा कागद दाखवला. ते चित्रीकरण चालू असताना आत शिरले आणि फुलांच्या दागिन्यांसकट हिला टांग्यात घालून घेऊन गेले.

"पडद्यावर स्वतःला पाहिलंत का कधी?" मी विचारलं.

"जोडताना पाहिलं. एवढंसं." त्यांनी बोटाचं पेर दाखवलं. "हे तिसरं तेवढंही नाही. आज पाहिलं."

मग मी ते विचारलं, जे तुझ्यावर चार दिवस चिडून विचारत होतो. त्या मिशीवाल्याकडे तुम्ही अशा का पाहताय?

तुझ्या आई हसायला लागल्या. मी त्यांना पहिल्यांदा हसताना पाहिलं. "अरे, मुकं चित्र. डायरेक्टर म्हणायचे, ओठ हलवा, काहीही बोला. तो मिशीवाला भाजीचे भाव सांगायचा. मी पाढे म्हणायचे. आणि काळजीचा चेहरा हवा असला की एकोणीसचा. तो मला कधी आलाच नाही. एकोणीस सत्ते म्हटलं की पुढचं सुटायचं, मग चेहरा आपोआप व्हायचा."

मी चार दिवस ज्या नजरेवर जळत होतो तो एकोणीसचा पाढा आहे, मालिनी.

तुझ्या बाबांना सगळं ठाऊक होतं. आईंनी लग्नाआधीच सांगितलं होतं. बाबा म्हणाले, "मला सांगितलंस, झालं. आता यापुढे कुणाला सांगायचं नाही." आणि त्यांनी नाही सांगितलं. बाबा जाऊन तीन वर्षं झाली तरी नाही. तुला नाटकातून ओढून नेलं त्या दिवशी आई रात्री जेवल्या नव्हत्या, हे तुला माहीत आहे का? मला काल कळलं. "माझे मामा जसे आत शिरले तशीच मी शिरले," म्हणाल्या. "तालमीत सगळे माझ्याकडे पाहत होते आणि मला टांगाच दिसत होता."

आणि मी त्यांना विचारलं होतं, तुम्हाला कलेतलं काय कळतं!

निघताना त्यांनी विचारलं, "आणखी कुणाला दाखवलंस हे?"

मी म्हटलं, "मालिनीला. आणखी कुणाला नाही."

हे खोटं आहे. आता खरं लिहितो. सबनिसांचं पाकीट मी बारा तारखेलाच पेटीत टाकलं. तुझं आणि त्यांचं, एकदम. चुलीत टाकलं हे खोटं होतं. ही जुनी फिल्म दारूसारखी भडकते; चुलीत टाकली असती तर वहिनीचं स्वयंपाकघर जागेवर राहिलं असतं का? सबनिसांना तुकड्यासोबत एक चिठ्ठी लिहिली होती, बिनसहीची: 'आपली होणारी सून पुण्यात काय करते ते पाहा.'

त्यांना वाटेल ती तू आहेस. आणि तू नाहीस हे सिद्ध करायचं, तर ती कोण ते सांगावं लागेल.

माझी आईंना सांगायची हिंमत झाली नाही. चहाचा कप हातात होता. तू सांगशील का?

श्रीपाद


अंबरनाथ, २९ नोव्हेंबर १९५४

मालिनी,

तुझं दुसरं कार्ड: 'सबनिसांकडून निरोप आला आहे. पुढचं बोलणं थांबवलं आहे. आईला तू सांगायचंस. मी नाही.'

सांगितलं. परवाच.

मला वाटलं होतं रडतील, मुस्काटात देतील. दिली असती तर बरं वाटलं असतं. त्या सूप खाली ठेवून म्हणाल्या, "चिठ्ठीत काय लिहिलंस ते शब्दाला शब्द सांग."

मी सांगितलं.

"खाली सही?"

"नाही."

"हं. सही करवली नाही. आणि हॉलतिकीट फाडलं तेव्हा मला वाटलं होतं, पोरगा मूर्ख आहे पण भित्रा नाही."

मी म्हटलं, मी पुण्याला जातो, सबनिसांच्या पाया पडतो, माझी चूक झाली म्हणून सांगतो.

"काय सांगशील? ती मालू नव्हे? मग कोण, म्हणून विचारतील, तेव्हा? माझं नाव तू घेणार?" सूप पुन्हा मांडीवर ओढलं. मग म्हणाल्या, "मालूवर आलंय ते माझं आहे. मीच जाईन. तो डबा मला आणून दे, सगळा. एका तुकड्यावर लोक काहीही म्हणतील. मला आधी पाहू दे त्यात काय आहे."

शेठकडे गेलो. वाटलं होतं चोरून न्यावा लागेल. पण आता आणखी खोटं नको वाटलं, सरळ विचारलं. म्हटलं, शेठ, हा डबा मला द्या, यातली बाई जिवंत आहे, तिला हवा आहे. त्यांनी काम थांबवलं.

"जिंदा है? इधर?"

"बदलापूरला."

ते डब्याच्या झाकणावरून हात फिरवत राहिले. "मेरे बाप का एक फोटू नहीं है, साईं. शिकारपुर में दीवार पे रह गया. ताला मार के आया था मैं, समझा दो महीने में वापस जाएगा." मग एकदम डाफरले, "ले जा! लेकिन गाड़ी में नहीं. बाजू में कोई बीड़ी वाला बैठा तो फोटू भी जाएगा और तू भी."

म्हणून चालत गेलो. हरिचंद्रदादांनी डबा ओल्या गोणपाटात बांधून दिला. "उनात ठेवू नको, कुणी बिडी पेटवली तर लांब हो, आन् मधी कुठं भांडू नको." कॅम्पातून अंबरनाथ, अंबरनाथहून रुळांच्या कडेकडेने बदलापूर. दर विहिरीवर गोणपाट भिजवायचं. खांदा सोलून निघाला. माझ्या आयुष्यात मी इतका सावकाश कुठेही गेलो नव्हतो. खरवईच्या बांधावर देऊ नावाचा एक ओळखीचा शेतकरी भात झोडत होता, त्याने हाक मारली, "काय नेतोस रं, लोणी?"

मी म्हटलं, "माणूस."

तो काय समजला देव जाणे. उठून पाणी घेऊन आला.

आईंनी खिडकीखाली धुतलेली पांढरी चादर अंथरून ठेवली होती. डबा उघडल्यावर एक आंबूस वास आला. त्या म्हणाल्या, "सडायला लागलीय." मग बसल्या आणि एका हातातून दुसऱ्या हातात फिल्म सोडत राहिल्या, उजेडासमोरून, दोन्ही हात पसरून वावावाने. मी टोक धरून गुंडाळत होतो. तीन तास. मध्येच म्हणत, "हा आरसा पाहिलास? उन्हाचे आरसे मारायचे तोंडावर, डोळ्यांतून पाणी यायचं, लोकांना वाटायचं काय रडते!" मध्येच नुसत्याच थांबत.

हे कापायच्या आधीचं आहे, त्यामुळे जे चित्रात राहायला नको तेही यात आहे. पाटी घेऊन उभा असलेला माणूस. डायरेक्टरांची टोपी. दोन ठिकाणी कुत्रा.

शेवटी त्यांनी कातरीने हातभर पट्टी कापली, रुमालात बांधली. उद्या सकाळच्या गाडीने त्या पुण्याला निघतात. हे पत्र तुला मिळेल तेव्हा आई तुझ्यासमोर असतील. म्हणून हे लिहायची खरं तर गरजच नाही. पण मला बसवत नाही.

मी सोबत येतो म्हटलं, तर म्हणाल्या, "तू कोण?"

श्रीपाद


अंबरनाथ, ११ डिसेंबर १९५४

मालिनी,

परवा आई परत आल्या, मी स्टेशनवर होतो. पिशवी माझ्या हातात दिली. चालताना सांगत होत्या. तू तिथेच होतीस, तुला नवं काहीच नाही. पण त्यांच्या तोंडून मला कसं कळलं ते लिहितो, कारण माझ्या हातून झालेल्या गोष्टीचा शेवट मला दुसऱ्याकडूनच ऐकावा लागला.

सबनिसांच्या दिवाणखान्यात तुझे मामा, सबनीस पतिपत्नी, शरदचंद्र. आईंनी रुमाल सोडला. म्हणाल्या, "तुम्हाला आलेल्या तुकड्यात माझी मुलगी नाही. मी आहे. मी चौदा महिने सिनेमात काम केलं, लग्नाच्या आधी. माझ्या नवऱ्याला ठाऊक होतं."

तुझे मामा पाणी प्यायला उठले ते परत आलेच नाहीत म्हणे.

सबनीस भला माणूस. म्हणाले, "वहिनी, एवढं सांगायला यायचं कशाला? आम्ही ते फाडून टाकलं असतं."

"ती फाटत नाही सरळ," आई म्हणाल्या. "कातरी लागते."

मग सबनीसबाईंनी अगदी प्रेमाने सांगितलं की आमची काही हरकत नाही, झालं गेलं, बोलणी पुढे चालू करू. मुलगी सोन्यासारखी आहे. फक्त एक, हे यापुढे कुठे बोलायचं नाही. मुलांसमोरही नाही.

आई म्हणाल्या, "मी 'बरं' म्हणणार होते. जिभेवर आलं होतं. पंचवीस वर्षांची सवय. तेवढ्यात मालू आतून आली."

तू पट्टी उचललीस. बोटं चित्रावर ठेवलीस, तेव्हा आईंनी तुझी बोटं धरून कडेवर सरकवली. तू खिडकीपाशी जाऊन पाहिलंस. सगळे वाट पाहत होते. मग तू सबनीसबाईंना म्हणालीस, "मला नाही जमणार. मी हे सगळ्यांना दाखवणार आहे."

हे सांगताना आई रस्त्यात थांबल्या. कोपऱ्यावर वृंदा शिंपीण उभी होती, तिनेही वळून पाहिलं. आई रडत होत्या का? आरशाचं ऊन होतं म्हणून समज.

घरी पोचल्यावर तुझा निरोप दिला. पत्रं पाठवू नकोस. डबा धुवायला देऊ नकोस. आणि त्यातली एक चौकट कापून पाठव.

मी विचारलं, "एवढंच?"

"एवढंच," त्या म्हणाल्या. मग सुपाशी बसत, माझ्याकडे न पाहता, "वाल सोलता येतात का तुला?" मी म्हटलं नाही. "मग शीक. कॉलेजात नाही गेलास तर काहीतरी शीक." रात्री वहिनीनेही कॉलेजच्या फॉर्मचा विषय काढला. मी चिडलो नाही. एवढंच लिहितो.

तुझ्या लग्नाचं मी जे केलं त्याची माफी मागत नाही. माफी मागितली तर तुला उत्तर द्यावं लागेल. तू आपल्या पायांवर त्यातून बाहेर आलीस, त्यात माझं काही नाही. उपकार केल्यासारखं मला कधी वाटू लागलं तर मला हसायला हरिचंद्रदादा आहेत.

डबा तुमच्याकडेच आहे, न्हाणीघरामागे, गार जागेत. हरिचंद्रदादा म्हणतात, सडायला लागलेली फिल्म कुणाच्या बापाला थांबवता येत नाही. अजून दोन पावसाळे, तीन पावसाळे, मग पिवळी भुकटी. म्हणून तू लवकर ये. चादर आईंनी घडी करून खिडकीतच ठेवली आहे. टोक धरायला माणूस लागतो, ते तू धर. मी त्या दिवशी बदलापुरात असणार नाही.

हे पत्र शेवटचं. चौकट सोबत आहे. निवडायला दोन दिवस लागले. पहिल्या दिवशी मी तीच काढली होती, ती मिशीवाल्याकडे पाहणारी, हुबेहूब तू. कातरी लावली आणि लक्षात आलं, ही मी माझ्यासाठी काढतोय. ती तिथेच ठेवली.

ही वेगळी आहे. शॉट संपलाय, डायरेक्टरांनी थांबवलंय, पण कॅमेरावाल्याचा हात अजून फिरतोय. तिने डोळ्यांवर हात धरलाय आणि कुणाकडे तरी पाहून हसते आहे, कुणाकडे ते चौकटीबाहेर आहे. ही तुझ्यासारखी दिसत नाही. कुणासारखीच दिसत नाही.

आधी ओठाला लाव. चिकटेल ती बाजू चित्राची. मग कडांना धरून उजेडाकडे कर. ओठ मिटलेले आहेत बघ. पाढा संपला आहे.

श्रीपाद